गुंडाचा जिल्हा विचारणाऱ्यांना

मुंबईच्या गुन्हेगारीचा विषय निघाला की एक वाक्य ठरलेलं असतं: हे सगळं बाहेरून आलं. प्रचारसभेत ते ऐकू येतं, लेखांत वाचायला मिळतं आणि लग्नाच्या पंगतीतही कुणीतरी ते म्हणून जातं. पुरावा विचारला की नावांची यादी पुढे येते. करीम लाला अफगाणिस्तानचा. हाजी मस्तान आणि वरदराजन तामिळनाडूचे. अबू सालेम आझमगडच्या सराय मीरचा. आणि यादीच्या शेवटी, हुकमाचं पान राखून ठेवावं तसं, वाराणसीच्या सुभाषसिंह ठाकूरचं नाव. ‘दाऊदचा गुरू’ ही त्याची ओळख इतक्या वेळा छापून आली आहे की ती आता कुणी तपासत नाही. ज्याने दाऊदला घडवलं तोच मुळी गंगेकाठचा, मग सिद्ध करायचं उरलं काय, असा एकूण सूर असतो.

हा युक्तिवाद मला खोटा वाटतो. तो अर्धवट आहे, अतिशयोक्त आहे, असं म्हणून मी त्याला सोडून देणार नाही. तो खोटा आहे, आणि त्याच्या आडोशाला जी माणसं सुखाने राहतात ती बहुतेक वेळा त्याच शहरातली असतात ज्या शहरात तो मांडला जातो.

मी काशीत वाढलेला मराठी माणूस आहे. दुर्गाघाट, ब्रह्माघाट, पंचगंगेच्या वरच्या गल्ल्यांत आजही मराठी आडनावांची घरं आहेत. गागाभट्टांचं घराणं सोळाव्या शतकात पैठणहून तिथे गेलं. विश्वनाथाचं आजचं देऊळ अहिल्याबाईंनी १७८० मध्ये पुरं केलं. झाशीची राणी तिथे जन्मली, आणि ‘आज’ या हिंदी दैनिकाला ज्यांनी उभं केलं ते बाबूराव विष्णु पराडकरही तिथलेच. आम्ही तिथे बाहेरून आलेलेच आहोत. आमच्यातही सज्जन झाले तसे लबाडही झाले असणार, पण कुणा एकाच्या लबाडीचा जाब साऱ्या ब्रह्माघाटाला विचारल्याचं मी कधी ऐकलं नाही. म्हणून मुंबईत कुणी ‘बनारसचा ठाकूर’ म्हणताना बनारसवर जोर देतो तेव्हा मला गप्प बसवत नाही.

आधी गुरुपदाचं बघू. ठाकूर वाराणसी जिल्ह्यातल्या फूलपूर भागातला. कोवळ्या वयात तो मुंबईला आला, इथल्या टोळ्यांत शिरला आणि दाऊदच्या माणसांपर्यंत पोहोचला. आता दाऊदचा हिशेब मांडा. त्याचे वडील इब्राहिम कासकर मुंबई पोलिसात हवालदार होते. मूळ गाव रत्नागिरी जिल्ह्यातल्या खेड तालुक्यातलं मुंबके. डोंगरी, पायधुणी, नागपाडा या भागांत तो वाढला. पठाण टोळीशी त्याचं वैर तिथेच पेटलं आणि फेब्रुवारी १९८१ मध्ये त्याचा भाऊ साबीर त्याच वैरात प्रभादेवीच्या पेट्रोल पंपावर मारला गेला. सोन्याची तस्करी, बंदरातली माणसं, कस्टममधली ओळख, हवालाचे रस्ते, पोलिस ठाण्यातले कान, हे सगळं त्याने मुंबईत मुंबईकरांकडूनच शिकून घेतलं. ऐंशीच्या दशकाच्या मध्याला तो दुबईला गेला तेव्हा त्याचं दुकान मांडून झालं होतं. यातला कुठला धडा फूलपूरहून आलेल्या पोराने दिला? बंदर काशीला नाही. सोन्याचं जहाज गंगेतून येत नाही. गुरू-चेल्याची ही गोष्ट गप्पांतून जन्मली आणि छापून छापून पक्की झाली, कारण ती दोन्ही बाजूंना सोयीची होती. मुंबईला आपल्या पापाचा जनक बाहेर सापडला, आणि पूर्वांचलातल्या काहींना मिरवायला एक नाव मिळालं.

आता ज्या गुन्ह्यामुळे ठाकूर कायमचा लक्षात राहिला त्या गुन्ह्याकडे नीट पाहू. तो नुसता आठवून चालणार नाही, त्यातला एकेक माणूस ओळखायला हवा.

२६ जुलै १९९२ रोजी नागपाड्यात दाऊदचा मेहुणा, हसीना पारकरचा नवरा इस्माईल पारकर गोळ्या घालून मारला गेला. मारणारे अरुण गवळीच्या टोळीतले होते. त्यांतला शैलेश हळदणकर पळताना लोकांच्या तावडीत सापडला, बेदम मार खाऊन जे. जे. रुग्णालयात पोचला आणि तिथे पोलिसांच्या पहाऱ्यात पडून होता. १२ सप्टेंबरच्या पहाटे एके-४७ घेऊन आलेली टोळी रुग्णालयात शिरली. हळदणकर खाटेवरच मेला. पहाऱ्यावरचे दोन पोलिस मेले. रुग्ण, नर्स, रात्रपाळीचे डॉक्टर यांच्या समोर, सरकारी रुग्णालयाच्या वॉर्डात हे घडलं. मुंबईने तोवर पुष्कळ टोळीयुद्ध पाहिलं होतं, पण रुग्णालयात शिरून बंदुकांच्या फैरी झाडणं हे नवीन होतं.

या रात्रीतली माणसं मोजू. ज्याचा सूड घ्यायचा तो पारकर कोकणी. ज्याने सूड मागितला तो दाऊद खेड तालुक्याचा. ज्याला मारलं तो हळदणकर गिरणगावातल्या टोळीचा. टोळीचा म्होरक्या गवळी भायखळ्याच्या दगडी चाळीतला. मारायला गेलेल्यांत ठाकूरच्या बरोबरीने ज्याचं नाव घेतलं जातं तो सुनील सावंत उर्फ सौत्या, जो पुढे १९९५ मध्ये दुबईत मारला गेला. आरोपींच्या यादीत भिवंडी-निजामपूर नगरपालिकेचे तेव्हाचे अध्यक्षही होते, आणि त्यांची सरकारी गाडी मारेकऱ्यांच्या कामी आल्याचा आरोप होता. म्हणजे कारण इथलं, वैर इथलं, हुकूम देणारा इथला, मरणारा इथला, सोबती इथला, गाडीबद्दलचा आरोप तोही इथलाच. या सगळ्यातून एकटा ठाकूर उचलायचा, त्याच्या गावाचं नाव मोठ्या अक्षरात लिहायचं आणि बाकीच्यांची गावं पुसून टाकायची, हा अप्रामाणिकपणा आहे.

ठाकूरचा अपराध मी तसूभरही कमी करत नाही. टाडा न्यायालयाने त्याला दोषी धरलं, आणि सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाऊन त्याच्या वाट्याला जन्मठेप आली. ती योग्यच होती. त्याहून कमी झालं असतं तर मी निषेध केला असता. त्याच खटल्यात नाव आलेला वाराणसीचाच ब्रिजेश सिंह पुढे पुराव्याअभावी सुटला, हेही सांगायला हवं, कारण न्यायालयाने सोडलेल्या माणसाला लेखकाने पुन्हा फासावर चढवू नये.

पण ठाकूर त्या टोळीत होता कशासाठी? इथे ‘बाहेरून आलं’ म्हणणारे थांबतात आणि इथूनच खरा विषय सुरू होतो.

मुंबईच्या टोळ्यांनी पूर्वांचलातली पोरं जवळ केली त्यामागे व्यवहार होता. मुंबई पोलिसांकडे त्यांचं रेकॉर्ड नसे, म्हणजे फोटो नाही, ओळखपरेड नाही, खबऱ्यांना चेहरा ठाऊक नाही. काम झालं की महानगरी किंवा काशी एक्सप्रेसच्या जनरल डब्यात बसवून गावाकडे लावून देता येई. मेलं तर त्याच्या बाजूने इथे रडणारं कुणी नसे, मोर्चा निघत नसे, चाळीतल्या बायका रस्त्यावर येत नसत. पकडलं गेलं तर वरच्या माणसाचं नाव त्याला माहीतच नसे. हा हिशेब मांडणारे लोक मुंबईचे होते. पैसा त्यांचा, बंदूक त्यांची, यादी त्यांची. सुपारी घेणाऱ्या पोराचा गुन्हा गुन्हाच असतो, पण सुपारी देणाऱ्याच्या शहराने त्या पोराच्या जिल्ह्याकडे बोट दाखवून स्वतः निर्मळ व्हावं, हे मला मान्य नाही.

नव्वदच्या दशकात मुंबईत पकडल्या गेलेल्या आणि चकमकीत मारल्या गेलेल्या नेमबाजांत आझमगड, जौनपूर, गाझीपूर, वाराणसीकडची पोरं होती. ती होती, हे मी स्पष्टपणे मान्य करतो. हे नाकारणारे उत्तर भारतीय पुढारी आपल्याच लोकांची फसवणूक करतात. मुंबईतल्या लाखो टॅक्सीवाल्यांना, दूधवाल्यांना, यंत्रमागावरच्या मजुरांना ज्या संशयाने पाहिलं गेलं तो संशय त्या मूठभर पोरांनी ओढवून आणला आहे, आणि त्या पोरांबद्दल मला कणव वाटत नाही. पण त्या दशकात शहरात चाललं होतं काय, हेही आठवावं. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेल्या संपाने गिरणगाव मोडलं होतं. अडीच लाखांच्या आसपास कामगारांच्या घरातली चूल त्या संपात अडकली होती. नंतर गिरण्यांची जमीन सोन्याच्या भावाने विकायची वेळ आली आणि त्या जमिनीवर कोण बसणार, कोण उठणार, याचे निर्णय बंदुकीने होऊ लागले. मे १९९४ मध्ये सुनीत खटाव महालक्ष्मीजवळ मारले गेले. जानेवारी १९९७ मध्ये दत्ता सामंतांना पवईत गोळ्या घातल्या गेल्या. गिरण्या, कारखाने, युनियन आणि जमीन यांच्या भांडणात पडलेली ही प्रेतं आहेत. त्यांचं मूळ काशीच्या कुठल्या घाटावर शोधायचं?

आणि इथे मला एक दुटप्पीपणा दिसतो. दगडी चाळीतल्या पोरांबद्दल लिहिताना आपण समाजशास्त्रज्ञ होतो. गिरणी बंद पडली, बाप घरी बसला, शिक्षण सुटलं, मुलगा वाईट नादाला लागला: ही कारणमीमांसा आपण मन लावून करतो आणि ती पुष्कळशी खरीही आहे. चेंबूरच्या टिळकनगरातला राजेंद्र निकाळजे, ज्याला जग छोटा राजन म्हणून ओळखतं, सहकार सिनेमाबाहेर काळ्या बाजारात तिकिटं विकायचा हे सांगताना आपल्या आवाजात किंचित समजूत येते. मन्या सुर्वे जानेवारी १९८२ मध्ये वडाळ्यात पोलिसांच्या गोळीने मेला. तो कॉलेज शिकलेला होता हे आपण आवर्जून सांगतो. ही समजूत काशीच्या मदनपुऱ्यातल्या बुडत्या मागावरून उठून कल्याणला उतरलेल्या पोराच्या वाट्याला का येत नाही? आपल्या मुलाचं बिघडणं परिस्थितीमुळे आणि दुसऱ्याच्या मुलाचं रक्तामुळे, असं मानायचं असेल तर तसं उघड म्हणावं.

जन्मगावावरूनच हिशेब करायचा हट्ट असेल तर तो पुरता करू. गेल्या पन्नास वर्षांत परक्या शहरात जाऊन गुन्ह्यांचं सर्वात मोठं साम्राज्य चालवणारा भारतीय कोण? खेड तालुक्यातल्या मुंबके गावचा दाऊद. आधी दुबईत, मग भारत सरकार सांगतं त्याप्रमाणे कराचीत. छोटा राजन देश सोडून आग्नेय आशियात फिरत राहिला, सप्टेंबर २००० मध्ये बँकॉकमध्ये त्याच्यावर हल्ला झाला, ऑक्टोबर २०१५ मध्ये बालीत तो पकडला गेला. सौत्या दुबईत मेला. ‘मराठी मुलखातून आलेली गुन्हेगारी’ असा अग्रलेख उद्या दुबईच्या एखाद्या वर्तमानपत्राने लिहिला तर आपण खवळून उठू, आणि खवळायलाच हवं. रत्नागिरी जिल्ह्यातल्या भातशेती करणाऱ्या, बोटीवर जाणाऱ्या, मुंबईच्या खानावळीत जेवून गावी मनिऑर्डर पाठवणाऱ्या लाखो माणसांचा दाऊदशी काय संबंध? तेवढाच, जेवढा जोगेश्वरीच्या तबेल्यात पहाटे तीनला म्हशी धुणाऱ्या जौनपूरच्या माणसाचा ठाकूरशी.

वरदराजनचं उदाहरण वेगळं आहे, म्हणून त्यावर थोडं थांबतो. व्हीटी स्टेशनवरच्या हमालीपासून सुरुवात केलेला हा माणूस धारावी-माटुंग्याच्या तामिळ वस्तीत न्यायनिवाडे करत असे, गणपतीचा भव्य मांडव घालत असे. दारूच्या हातभट्ट्यांवर त्याचा पैसा उभा होता, हे विसरू नये. पण वस्ती त्याच्याकडे जायची याला कारण होतं. पालिका नळ देत नव्हती, रेशन कार्ड मिळत नव्हतं, पोलिस तक्रार लिहून घेत नव्हते. शहराने ज्यांना आपलं मानलं नाही त्यांना कुणीतरी आपलं म्हणणारा लागला. तिथे स्थलांतरिताचा प्रश्न खरा होता आणि तो शहरानेच जन्माला घातला होता. ठाकूरकडे हेही नाही. त्याने मुंबईत एका भाजीवाल्याला गाळा मिळवून दिला, एका टॅक्सीवाल्याचा परवाना वाचवला, अशी एकही गोष्ट त्याच्या भक्तांनासुद्धा सांगता येत नाही. तो परप्रांतीयांचा पुढारी कधीच नव्हता. तो एका कोकणी मालकाचा चाकर होता.

भक्त हा शब्द मी मुद्दाम वापरला, कारण काशीकडची बाजूही मला सोडायची नाही. तिथे ठाकूरबद्दल एक कथा फिरते. पोरगा कामधंद्यासाठी विरारला गेला, पोलिसांनी खोट्या प्रकरणात अडकवून मारहाण केली, मान दुखावला आणि त्याने शस्त्र उचललं. ब्रिजेश सिंहच्या बाबतीत वडिलांच्या १९८४ मधल्या खुनाची गोष्ट अशीच सांगितली जाते: विज्ञान शिकणारा हुशार मुलगा, बापाचा सूड, मग मागे वळणं नाही. प्रत्येक बाहुबलीच्या चरित्राच्या पहिल्या प्रकरणात एक अन्याय असतो. तो अन्याय कदाचित घडलाही असेल. पण पोलिस कोठडीत विनाकारण मार खाल्लेली माणसं या देशात पावलोपावली आहेत. त्यांतली बहुतेक दुसऱ्या दिवशी सुजलेल्या अंगाने कामावर जातात. त्यांच्यावर कुणी गाणं रचत नाही.

काशीला याची जुनी सवय आहे. जयशंकर प्रसादांची ‘गुंडा’ ही कथा १७८१ च्या काशीत घडते, वॉरन हेस्टिंग्ज आणि राजा चेतसिंह यांच्या संघर्षाच्या काळात, आणि तिचा नायक नन्हकू सिंह राजाच्या घराण्याला वाचवताना जीव देतो. ती सुंदर कथा आहे. पण तिचा आधार घेऊन आजच्या रंगदारीवाल्या खंडणीखोराला ‘काशीच्या परंपरेतला मर्द’ ठरवणारे लोक मी ऐकले आहेत, आणि त्यांचा मला संताप येतो. नन्हकूने कुणाची सुपारी घेतली नव्हती. रुग्णालयात झोपलेल्या जखमी माणसावर स्वयंचलित बंदूक रिकामी करण्यात कसली आली मर्दुमकी?

गंमत नाही, शोकांतिकाच म्हणायची, पण ‘बाहेरून आलं’ हे वाक्य काशीतही तेवढ्याच ठामपणे उच्चारलं जातं, फक्त जिल्हा बदलतो. ३ ऑगस्ट १९९१ रोजी शहरातल्या लहुराबीर भागात अवधेश राय यांना त्यांच्या दारात गोळ्या घातल्या गेल्या. त्या खुनासाठी गाझीपूर-मऊकडच्या मुख्तार अन्सारीला वाराणसीच्या न्यायालयाने जून २०२३ मध्ये, म्हणजे बत्तीस वर्षांनी, जन्मठेप दिली. १९९७ मध्ये कोळशाचे व्यापारी नंदकिशोर रुंगटा काशीतून पळवले गेले आणि परत आले नाहीत. अशा वेळी काशीकर म्हणतात, हे गाझीपूर-मऊचं लोण आहे, आमची काशी अशी नव्हती. गाझीपूरचे लोक बिहारकडे बोट दाखवतात. पण मोगलसरायजवळच्या चंदासीच्या कोळसा बाजारात ट्रकमागे वसुली द्यायची ती काशीतच ठरत होती. रेल्वेच्या भंगाराचे, रस्त्यांचे, वाळूचे ठेके काशीतल्याच कचेऱ्यांत उघडले जात होते. निविदा कुणी भरायची आणि कुणी भरायची नाही हे सांगायला येणाऱ्याला त्या कचेरीत खुर्ची दिली जात होती. आणि मुख्तार २००९ मध्ये वाराणसीतून लोकसभेला उभा राहिला तेव्हा त्याला लाखांनी मतं पडली. मुरली मनोहर जोशी अगदी थोड्या फरकाने जिंकले. ही मतं गाझीपूरहून आली नव्हती.

मुंबईही काशीवाल्यांच्या यादीत आहे, हे मुंबईकरांना क्वचित ठाऊक असतं. मुन्ना बजरंगी, जौनपूरचा, ज्याच्यावर पूर्वांचलात कित्येक खुनांचे आरोप होते, तो ऑक्टोबर २००९ मध्ये पकडला गेला तो मालाडमध्ये. पुढे जुलै २०१८ मध्ये बागपतच्या तुरुंगात त्याला ठार केलं गेलं. जौनपूरचा माणूस विचारतो: आमच्या खुन्यांना तुमच्या शहरात घर भाड्याने कोण देत होतं? त्याचा प्रश्न मुंबईकराच्या प्रश्नाइतकाच रास्त आहे. दोन्ही प्रश्नांचं उत्तर एकाच ठिकाणी आहे, पण आपण जिल्ह्याजिल्ह्यांत भांडत बसल्यामुळे तिथवर पोहोचत नाही.

ते ठिकाण म्हणजे आसरा देणारे. जे. जे. प्रकरणानंतर ठाकूर आणि त्याचे साथीदार दिल्लीत सरकारी वीज कंपनीच्या अतिथिगृहात राहिले, असं सांगत तपास यंत्रणांनी तेव्हाचे केंद्रीय मंत्री कल्पनाथ राय यांच्यावर आसरा दिल्याचा खटला भरला. विशेष न्यायालयाने त्यांना शिक्षा दिली, सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर १९९७ मध्ये ती रद्द केली. जाणूनबुजून आसरा दिल्याचं सिद्ध झालं नाही, हा निकाल मी मानतो. मग उरतो तो प्रश्न त्याहून मोठा आहे: देशभर शोध चालू असलेली माणसं सरकारी अतिथिगृहात जाऊन पोचतात, आणि अखेरीस त्यासाठी वरच्या कुणालाच जबाबदार धरता येत नाही. हा रस्ता फूलपूरच्या माणसाला एकट्याने सापडत नाही.

त्यानंतरची गोष्ट तर मुंबईने डोळे उघडून वाचावी अशी आहे. मुंबईच्या न्यायालयाने ज्याला शिक्षा दिली तो कैदी उत्तर प्रदेशच्या तुरुंगात राहिला, आणि आजारपणाच्या कारणाने काशीत बनारस हिंदू विश्वविद्यालयाच्या सर सुंदरलाल रुग्णालयात वर्षानुवर्षं दाखल होता. ते रुग्णालय मी आतून ओळखतो. पूर्व उत्तर प्रदेश, पश्चिम बिहार, झारखंड, मध्य प्रदेशचा सीमाभाग, इतक्या मोठ्या मुलखाचा भार त्याच्यावर आहे. चंदौली, भभुआ, सोनभद्रहून आलेली माणसं बोचकी उशाला घेऊन व्हरांड्यात झोपतात, आज खाट मिळेल का म्हणून विचारत फिरतात. त्याच इमारतीत जन्मठेपेच्या कैद्याची व्यवस्था चालू राहिली. ज्याने रुग्णालयातल्या खाटेवरच्या माणसाला मारलं, त्याला शिक्षा भोगण्यासाठी रुग्णालयातली खाट मिळाली. आजारी कैद्याला उपचार मिळायला हवेत, यावर माझं दुमत नाही. खुन्यालाही मिळायला हवेत. पण उपचार आणि मुक्काम यांतला फरक डॉक्टरांना कळतो, तुरुंगाच्या अधीक्षकाला कळतो आणि गृहखात्यालाही कळतो. या साऱ्या काळात मुंबईतून कुणी आवाज केला? परप्रांतीय गुंडगिरीवर भाषणं देणाऱ्या किती जणांनी लखनौला एक पत्र तरी लिहिलं?

राजकारणाने काय केलं तेही सांगतो. ब्रिजेश सिंह २००८ मध्ये भुवनेश्वरला पकडला गेला, तेव्हा तो तिथे दुसऱ्या नावाने राहत होता. २०१६ मध्ये तुरुंगात असतानाच तो वाराणसीच्या जागेवरून विधान परिषदेवर निवडून आला. २०२२ मध्ये त्याच जागेवरून त्याची पत्नी अपक्ष म्हणून जिंकली. या निवडणुकीत सामान्य मतदार नसतात. मत देतात ते ग्रामप्रधान आणि नगरपालिकेचे, जिल्हा पंचायतीचे निवडून आलेले सदस्य. लोकशाहीची खालची फळी म्हणून ज्यांचं आपण कौतुक करतो त्यांनी हे केलं. महाराष्ट्राने यावर नाक मुरडण्याचं कारण नाही. अरुण गवळी २००४ मध्ये चिंचपोकळीतून आमदार झाला, आणि नगरसेवक कमलाकर जामसंडेकर यांच्या २००७ मधल्या खुनासाठी २०१२ मध्ये त्याला जन्मठेप झाली. इथे मतदार सामान्य होते, मराठी होते आणि त्यांना तो कोण आहे हे पुरतं माहीत होतं.

‘स्थानिक तरी आपला होता’ असं गवळीबद्दल म्हणणारे आजही भेटतात. जामसंडेकरांच्या घरच्यांना जाऊन हे सांगा. जे. जे. मध्ये पहाऱ्यावर मेलेल्या दोन पोलिसांच्या घरच्यांना सांगा की मारणाऱ्यांतला एक आपल्याकडचा होता, तेव्हा दुःख निम्मं करा.

जिल्ह्याचं नाव घेतलं की चौकशी थांबते, म्हणून मी या वाक्यावर इतका तुटून पडलो आहे. ‘भैया गुंड’ म्हटलं की सुपारी देणारा बिल्डर सुटतो, गाडी देणारा नगराध्यक्ष सुटतो, नोंदवहीत नाव न लिहिणारा व्यवस्थापक सुटतो, प्रमाणपत्रावर सही करणारा डॉक्टर सुटतो, तिकीट देणारा पक्ष सुटतो. आणि २००८ मध्ये झालं तसं, रेल्वेच्या परीक्षेला आलेलं एखादं पोरगं किंवा टॅक्सीच्या चाकामागचा म्हातारा मार खातो. ज्यांच्याकडून टोळ्यांनी आयुष्यभर हप्ता घेतला त्यांनाच टोळ्यांच्या पापाची शिक्षा मिळते.

तेव्हा मागायचं असेल तर कागद मागू. ठाकूर रुग्णालयात किती वर्षं होता, कुठल्या आजारासाठी, दर वेळी मुदत वाढवायची शिफारस कुणी केली, ती कुणी मंजूर केली, त्याला भेटायला आलेल्यांची नोंद कुठे आहे, पहाऱ्याचा खर्च कोणत्या खात्यातून झाला. हे सगळं वाराणसीत आणि लखनौत लिहिलेलं असलंच पाहिजे. शिक्षा मुंबईच्या खटल्यातली आहे, म्हणून विचारण्याचा पूर्ण अधिकार महाराष्ट्राच्या गृहखात्याला आहे. परप्रांतीय गुन्हेगारांची ज्या आमदारांना मनापासून चिंता आहे, त्यांनी येत्या अधिवेशनात हाच तारांकित प्रश्न टाकावा आणि उत्तर मिळेपर्यंत त्याचा पाठपुरावा करावा. काशीतून त्यांना हवी ती मदत करायला आम्ही दुर्गाघाटावरचे मराठी लोक तयार आहोत.